बोट वर होईपर्यंत

डॉक्टर वैतिलिंगम कधी स्वतःहून क्रीझ सोडून गेले नाहीत. आमच्या बुकित राव गावात हे रिक्षा ओढणाऱ्यांनाही ठाऊक होतं. बॉल बॅटची कड चाटून कीपरच्या हातात गेला, कीपर नाचला, स्लिपमधले साहेब नाचले, तरी डॉक्टर आपले बॅट टेकवून उभे. पंचाचं बोट वर झालं की मात्र क्षणभरही थांबायचे नाहीत, मग ते बोट चुकीचं का असेना. बॅट काखेत मारायची, ग्लव्हज काढत काढत सरळ पॅव्हिलियनमध्ये यायचं आणि चहा मागायचा.

साहेबांच्या क्लबात याला असभ्यपणा म्हणत. त्यांच्यात रीत अशी, की बॉल बॅटला लागलाय हे आपल्याला कळलं की खऱ्या सद्गृहस्थाने पंचाकडे न बघता चालू पडायचं. त्याला ते 'चालणं' म्हणत, आणि कोण चालतं, कोण चालत नाही यावरून माणसाचं कूळ ठरवत. डॉक्टर चालत नसत. म्हणजे डॉक्टर हुशार खरे, पण आपल्यातले नव्हेत. ते तर आम्हालाही माहीत होतं. त्यासाठी क्रिकेट कशाला हवं?

मी सिन्नदुरै. सरकारी इस्पितळात त्यांचा ड्रेसर. मलमपट्टी, इंजेक्शनं, औषधांच्या पुड्या बांधणं ही माझी कामं, आणि रविवारी आमच्या बाजूचा पंच. डॉक्टर मला तंबी म्हणायचे, धाकट्या भावाला म्हणतात तसं. साहेबलोकही आम्हाला तंबीच म्हणत, पण ते शिपायाला हाक मारावी तसं. शब्द तोच, पण कान फसत नाहीत.

अडतीस सालच्या सामन्याबद्दल आधी सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्याच्यावर उभं आहे. दरवर्षी एका बाजूला गोरे आणि दुसऱ्या बाजूला उरलेलं जग असा सामना व्हायचा. उरलेल्या जगात आम्ही जाफन्याचे तमिळ, दोन शीख जमादार, एक युरेशियन कारकून आणि रेल्वेतला एक चिनी सिग्नलवाला, जो फक्त धावायचा, पण काय धावायचा! गोऱ्यांचे कप्तान होते पेम्ब्रोक साहेब, आमच्या इस्पितळाचे मुख्य डॉक्टर. आम्ही तोपर्यंत एकदाही जिंकलो नव्हतो. त्या दिवशी शेवटची जोडी मैदानात होती, नऊ धावा हव्या होत्या आणि डॉक्टर एकसष्टवर खेळत होते.

गोलंदाज पेम्ब्रोक, त्यांच्या टोकाला पंच मी. बॉल बॅटजवळून गेला, कीपरने झेलला आणि अकरा गळे एकदम ओरडले. मला आवाज आला होता. आता खोटं कशाला बोलू? आवाज आला, पण तो बॅटचा, पॅडचा की माझ्याच छातीतला, हे कळलं नाही. शंका असेल तर बोट वर करायचं नाही, असं पुस्तकात लिहिलंय. मी मान हलवली. डॉक्टरांनी पुढच्या तीन ओव्हरांत नऊच्या नऊ धावा काढून सामना जिंकून दिला.

चहाच्या वेळी पेम्ब्रोक सरळ आमच्या टेबलापाशी आले. "वैतिलिंगम, बॅटला लागला होता ना?"

"पंचांना विचारा, सर."

"मी तुम्हाला विचारतोय. सभ्य माणूस असता तर चालला असता."

डॉक्टरांनी चष्मा काढून शर्टाच्या टोकाने पुसला. "सर, सात वर्षांत तुमच्या पंचांनी मला चारदा नसताना आऊट दिलं. मी गेलो. हूं की चूं केलं नाही. तेव्हा तुमच्यापैकी कुणी म्हणालं का, की थांबा वैतिलिंगम, लागला नव्हता, परत या? ज्याच्या शब्दावर लोक विश्वास ठेवतात त्याला चालणं परवडतं. मला आपला नियमच बरा."

युरेशियन कारकुनाने केकचा तुकडा तोंडात घातला होता, तो त्याला ना गिळता येईना ना थुंकता. पुढच्या महिन्यात डॉक्टरांची ठरलेली बढती गेली आणि त्यांना मलेरियाच्या वॉर्डात टाकलं. तिथे कुणी टिकत नसे. डॉक्टर टिकले, आणि वर्षभरात तो वॉर्ड इतका नीट चालू लागला की शेजारच्या जिल्ह्यातून माणसं यायला लागली.

घरी जाताना सायकलवरून मी विचारलं होतं, "डॉक्टर, आता आपण दोघंच आहोत. लागला होता का?"

"पंच तू की मी?" म्हणाले आणि हसत पुढे निघून गेले. नंतर पाच वर्षं मी अधूनमधून तोच प्रश्न विचारत राहिलो आणि तेच उत्तर ऐकत राहिलो.

एक्केचाळीसच्या डिसेंबरात जपानी सायकलींवर बसून उत्तरेकडून उतरले. आमचे साहेब म्हणत होते, ते जंगलातून येऊच शकत नाहीत. ते आले. एका सकाळी क्लबासमोर मोटारींची रांग लागली. बाया, कुत्री, ग्रामोफोन, सगळं आत बसलं. आमच्यापैकी कुणाला मात्र जागा नव्हती. पेम्ब्रोक साहेब किल्ल्यांचा जुडगा घेऊन वॉर्डात आले. चेहरा राखेसारखा झाला होता.

"औषधं जाळून टाका," ते म्हणाले. "त्यांच्या हाती पडायला नकोत. वरून हुकूम आहे. तुम्हीही हवं तर निघा. मी अडवणार नाही."

वॉर्डात त्या दिवशी बेचाळीस रोगी होते. डॉक्टरांनी किल्ल्या घेतल्या. "सर, बोट कुणी वर केलंय?"

"काय?"

"मला तर दिसलं नाही. तुम्ही चाललात, तुमची रीतच आहे ती. मी थांबतो."

बाहेर मोटारीचा भोंगा वाजला आणि पेम्ब्रोक गेले. मला त्या क्षणी इतका आनंद झाला की नंतर त्याची लाज वाटली. हुकूम पाळल्याचं दिसावं म्हणून डॉक्टरांनी मागच्या अंगणात रिकामी खोकी जाळली, चांगला उंच धूर काढला. आणि क्विनीनच्या व सल्फाच्या गोळ्यांचे डबे आम्ही दोघांनी मैदानावरच्या पॅव्हिलियनमध्ये नेले. आमच्याकडे खेळपट्टीवर काथ्याचं जाडजूड मॅटिंग पसरून खेळायचे. त्या मॅटिंगच्या गुंडाळीच्या पोटात डबे गेले. पुढे दीड वर्ष जपानी शिपाई दुपारी त्याच गुंडाळीवर टेकून भात खायचे, आणि आम्ही समोरून जाताना वाकून नमस्कार करायचो. कुणाला नमस्कार करत होतो ते आमचं आम्हाला माहीत.

दिवस वाईट होते. मैदान खणून त्यात टॅपिओका लावला. तोच कंद सकाळी, तोच रात्री. फक्त मधली खेळपट्टी तेवढी वाचली. वीस वर्षं रोलर फिरवून ती इतकी घट्ट झाली होती की कुदळी वाकल्या. डॉक्टर रोज सकाळी तिथवर फेरी मारत आणि मुद्दाम क्रीझवर क्षणभर थांबत. पहाऱ्यावरच्या शिपायाने एकदा त्यांना मुस्कटात मारली, कारण ते पुरेसे वाकले नव्हते. चष्मा उचलून ते म्हणाले, "पाठ दुखते," आणि दुसऱ्या दिवशीही तेवढेच वाकले. पुन्हा मुस्कटात. तिसऱ्या दिवशी तो शिपाईच कंटाळला.

चोरून ठेवलेल्या औषधांबद्दल त्यांचा एकच नियम होता: गोळी रोग्याच्या तोंडात आपल्या डोळ्यांसमोर गेली पाहिजे. एकही गोळी इस्पितळाच्या फाटकाबाहेर जाता कामा नये. बाहेर सापडली तर सगळंच बुडेल.

तो नियम मी मोडला.

आह मोय आमच्या वॉर्डाची धोबीण. तिचा भाचा जपान्यांशी लढणाऱ्या जंगलातल्या लोकांत सामील झाला होता आणि बंदुकीची गोळी लागून त्याचा पाय सडत होता. ती माझ्या पाया पडली नाही, रडली नाही, फक्त म्हणाली, "सल्फा दे." आदल्या वर्षी माझी मुलगी टायफॉइडमधून उठली तेव्हा याच बाईने आपल्या वाटणीचा तांदूळ आणून दिला होता. नाही म्हणायला माझी जीभ रेटेना. डॉक्टरांना विचारलं असतं तर ते नाही म्हणाले असते, म्हणून विचारलंच नाही. पॅव्हिलियनमध्ये गेलो, चोवीस गोळ्या काढल्या, आणि मग लक्षात आलं की कागद नाही. त्या काळात गावात कागदाचा कपटा मिळत नव्हता. मॅटिंगशेजारच्या पत्र्याच्या पेटीत आमची स्कोअरची वही होती. तिची कोरी पानं कधीच संपली होती. मी घाईत हाताला लागलं ते पान फाडलं, सवयीने पुडी बांधली आणि आह मोयच्या धुण्यात खुपसली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

आठ दिवसांनी जपानी लष्करी पोलिसांच्या कॅप्टन इवासेने आम्हा सगळ्यांना इस्पितळाच्या अंगणात उभं केलं. भर दुपार होती. त्याच्या हातात ते पान होतं, पुडीच्या घड्या अजून तशाच उमटलेल्या. जंगलातल्या एका झोपडीत सापडलं होतं. माणसं निसटली होती, पान राहिलं होतं.

मी कुठलं पान फाडलं होतं ते मला तेव्हाच दिसलं. अडतीस सालचा तो सामना.

दुभाष्या पुढे झाला. "कॅप्टनसाहेब विचारतात, ही सांकेतिक लिपी कुठली? नावं आहेत, आकडे आहेत, आणि शेकडो ठिपके."

डॉक्टर म्हणाले, "क्रिकेट आहे ते."

"ठिपके कसले?"

"एक ठिपका म्हणजे एक बॉल, ज्यात काही घडलं नाही."

इवासेने पान उलटून बघितलं. मग काहीतरी बोलला. दुभाष्या म्हणाला, "जे घडलंच नाही ते कोण लिहून ठेवतं?"

"आम्ही ठेवतो," डॉक्टर म्हणाले. "तेवढा वेळ कुणीतरी उभं राहिलेलं असतं."

मार पडणार असं मला वाटलं, पण इवासेने पान घडी करून खिशात ठेवलं. गोळ्या कुणी दिल्या ते त्याला हवं होतं. देणाऱ्याने पुढे यावं. नाही आला तर मलेरिया वॉर्डात काम करणारी सगळी माणसं तो घेऊन जाईल. त्याने बोटाने मोजली. अकरा जण होतो. आह मोय माझ्या डावीकडे उभी होती आणि जमिनीकडे बघत होती. व्हरांड्यात डॉक्टरांची बायको, पुवनेश्वरी अक्का, खांबाला धरून उभी होती. त्यांचं घर इस्पितळाच्या आवारातच होतं.

पुढे व्हायचं, असं माझं मन ठरलं होतं. हे मी आज शपथेवर सांगतो, आणि कुणी विश्वास ठेवला नाही तरी माझं काही म्हणणं नाही. मन ठरलं होतं, पण पाय ऐकत नव्हते. दोन मुली, तिसरं बाळ बायकोच्या पोटात. ओव्हरमधले बॉल मोजायला पंच खिशात सहा खडे ठेवतो. सवयीने ते माझ्या खिशात असायचेच. मी ते मुठीत धरले होते. उजवा हात मी कसाबसा कमरेपर्यंत उचलला.

तेवढ्यात डॉक्टर निघाले. गळ्यातला स्टेथोस्कोप काढून त्यांनी काखेत धरला, बॅट धरायचे तसा. घाई नाही. माझ्या समोरून जाताना ते चष्मा सरळ करायला थांबल्यासारखं करून आमच्या तमिळमध्ये हळूच बोलले.

"तंबी, त्या दिवशी लागला होता. बोट खाली ठेव."

आणि पुढे गेले. "मी दिल्या," ते इवासेला म्हणाले. "पानावर माझं नाव आहे. सत्तरच्या समोरचं बघा."

इवासे दुभाष्याशी बोलला. दुभाष्याने विचारलं, "तुमचं नाव कुणी घेतलं नव्हतं. स्वतःहून का आलात?"

"आमच्या खेळात रीत आहे तशी," डॉक्टर म्हणाले. "मी कधी पाळली नव्हती."

माझं बोट खालीच राहिलं.

त्यांना ताइपिंगच्या तुरुंगात नेलं. सात आठवडे मारलं. गोळ्या कुठून आल्या, आणखी कोण आहे, हे विचारत होते. तिथून सुटलेल्या एका तमिळ हवालदाराने नंतर सांगितलं, की डॉक्टर रोज एकच उत्तर द्यायचे: काही घडलं नाही. ऑगस्टमध्ये त्यांची पायताणं घरी आली. देह आला नाही.

लढाई संपली. माझं तिसरं बाळ चालायला लागलं, बोलायला लागलं. मी रोज अक्काच्या दारावरून जायचो. बाजारातून भाजी आणून द्यायचो, छप्पर शाकारून दिलं, आणि तोंडातून मात्र अवाक्षर काढलं नाही. डॉक्टरांनीच बोट खाली ठेवायला सांगितलं होतं ना, असं स्वतःला बजावायचो. त्यांनी ते दहा जणांचा जीव वाचावा म्हणून सांगितलं होतं. मी ते माझं तोंड वाचावं म्हणून वापरत होतो. भेकड होतो. दुसरा शब्द नाही.

सत्तेचाळीस साली मैदानातला शेवटचा टॅपिओका उपटला आणि पुन्हा पहिला सामना ठरला. पेम्ब्रोक साहेब परत आले होते. साडेतीन वर्षं त्यांनीही जपान्यांच्या छावणीत काढली होती. माणूस निम्मा उरला होता. त्यांनी पॅव्हिलियनच्या भिंतीवर डॉक्टरांच्या नावाची पितळी पाटी लावली होती. नाव आणि दोन सालं, बाकी काही नाही. सामन्याआधी ते बोलायला उभे राहिले. चांगलं बोलले. मलेरिया वॉर्डाबद्दल बोलले, औषधांबद्दल बोलले. आणि मग, वातावरण हलकं करावं म्हणून असेल, म्हणाले, "आमचा मतभेद एकाच गोष्टीवर होता. वैतिलिंगम कधी चालायचे नाहीत! असो. प्रत्येकात काहीतरी उणं असतंच."

लोक हसले. आमचेही हसले, युरेशियन कारकूनसुद्धा. पहिल्या रांगेत पांढऱ्या साडीत अक्का बसली होती. ती हसली नाही.

मी पंचाचा कोट घालून मागे उभा होतो. कुठून बळ आलं सांगता येत नाही. राग आला होता, एवढंच आठवतं. पेम्ब्रोकचा नाही, माझा. यावेळी पाय आधी निघाले आणि मन मागून आलं. मी सगळ्यांच्या मधून चालत पुढे गेलो.

"चालले होते ते," मी म्हणालो. "एकदा. आणि तेव्हा ते आऊट नव्हते, साहेब. आऊट मी होतो. पान मी फाडलं, पुडी मी बांधली, गोळ्या मी दिल्या. तुम्ही पाटी लावलीत, चांगलं केलंत. पण त्यांच्यात काय उणं होतं ते या गावात कुणी बोलायचं नाही. तुम्ही नाही आणि मी तर नाहीच नाही."

पेम्ब्रोक खाली बसले. मी अक्काकडे वळलो. वाटेल ते बोलेल, थोबाडीत मारेल, त्याची तयारी होती.

"मला माहीत होतं," ती म्हणाली.

"अक्का?"

"त्या दिवशी त्या जपान्याच्या हातातल्या घड्या मी बघितल्या. माझ्या नवऱ्याला जन्मात कागदाची पुडी बांधता आली नाही, तंबी. देवळातली विभूती आणायचे तर निम्मी वाटेत सांडायची." तिने पदराने तोंड पुसलं. "चार वर्षं तू माझं छप्पर शाकारतोयस. मी वाट बघत होते तू कधी चालत येतोस त्याची."

मी तिच्या पायाशी बसलो आणि रडलो, सगळ्यांसमोर, पंचाच्या कोटात. तिने थोडा वेळ रडू दिलं. मग खांद्यावर थापटून म्हणाली, "पुरे आता. उठ. कोट मळला. आणि बोट नीट सरळ ठेव आज, ते बघतायत."

सामना सुरू झाला. गोऱ्यांची फलंदाजी. पेम्ब्रोक साहेब अकराव्या नंबरावर आले, धड उभं राहवत नव्हतं, पण आले. दुसऱ्याच बॉलला बॅटची कड लागली. मैदानभर ऐकू गेली. आमच्या कीपरने झेल घेतला, अपील झालं. जुन्या सवयीने साहेब वळले आणि दोन पावलं चालले.

मग थांबले. परत क्रीझवर आले, बॅट टेकवली आणि माझ्याकडे बघत उभे राहिले.

मी घाई केली नाही. डाव्या खिशातला खडा उजव्या खिशात टाकला. पॅव्हिलियनकडे बघितलं, मग साहेबांकडे. ते हलले नाहीत.

मग मी बोट वर केलं.